शून्य पूर्णांक चार

सकाळचे सात. जानेवारी. उजाडायला अजून
अडीच तास आहेत इसाल्मीत.
तळ्याच्या बर्फात कापलेल्या चौकोनी भोकात
तूलिक्की दोरी सोडते, टोकाला तापमापक,
आणि मनातल्या मनात साठपर्यंत मोजते.
कधी चाळिसावरच ओढून घेते.
बोटं ऐकत नाहीत.

मग खोपटात. भट्टीत दोन ओंडके.
हातमोजे दातांनी काढायचे,
क्लबच्या पानावर आकडा टाकायचा,
त्याच्यावरून माऊस फिरवून तो निळा करायचा
आणि वर, पत्त्याच्या पट्टीला चिकटून बसलेलं
जांभळं बटण दाबायचं.
भाच्यानं ब्राउझरला जोडून दिलंय ते.
म्हणाला, याला चित्रकला येते,
तुला यायची गरज नाही.

कॉफीला उकळी फुटायच्या आत चित्र तयार:
पाणी ०.४ अंश,
आणि मागे माड.

बटणाचा काय दोष?
त्याला कुणी शिकवलंय, पोहणं म्हणजे समुद्र,
समुद्र म्हणजे वाळू, वाळू म्हणजे माड.
पहिल्या दिवशी तासभर शोधत बसली ती
साधं एक सुरूचं झाड.
घंटा लावलेलं मिळालं, नाताळचं.
पन्नास टक्के सवलत टांगलेलं मिळालं.
नुसतं उभं असलेलं
एकही नाही.

तर राहिला माड.
अख्ख्या क्लबात खरा माड पाहिलाय एकट्या रैमोनं,
बसचालक होता, कुठल्याशा बेटावर गेला होता सुट्टीत.
तो म्हणतो, त्याच्याखाली बसू नये,
डोक्यात पडतं.
तरी आता 'माडाखाली भेटू' म्हणजे
सव्वासातला, टॉवेल घेऊन,
हे नव्या सभासदांनाही सांगावं लागत नाही.

चित्र गेलं की दोन मिनिटांत
पहिला बदाम ओइव्हाचा.
एकोणीस हिवाळे उतरला तो त्या शिडीवरून.
आता वृद्धाश्रमात, तिसऱ्या मजल्यावर,
खुब्यात लोखंड, खिडकीसमोर पार्किंग.
लिहीत काही नाही. लाल बदाम, बस्स.

मंगळवारी बटण करडं पडलं.
फुकटचे दिवस संपले म्हणे.
यापुढे माड हवा असेल तर
महिन्याला नऊ युरो.
नऊ युरोंत पंपाचं तेल येतं,
आणि पंप थांबला तर भोक मिटतं.
तिनं आकडा तसाच टाकला,
काळी अक्षरं, पांढरी जागा,
आणि गाळणीनं पाण्यावरची बर्फाची साय काढायला गेली.

परतली तर फोन वाजत होता.

"भोक गोठलं का?"

"नाही रे. पंप चालू आहे. आकडा टाकलाय की."

"आकडा पाहिला."
मागे कुठेतरी ट्रॉलीची चाकं, चमच्यांचा आवाज.
"नुसत्या आकड्यानं थंडी वाजत नाही, तूलिक्की.
मागे तो असला की वाजते."

यावर काय बोलणार?
भाच्याला विचारते, म्हणाली. बघू, म्हणाली.
पैशांचं सांगावंसं वाटलं, सांगितलं नाही.

"तू आत्ता तिथंच आहेस ना?
मग तूच बघून सांग."

तिनं बाहीनं काच पुसली.
खांबावरचा पिवळा दिवा. शिडी.
शिडीशी दोन बायका, सौनातून आलेल्या,
पाठी लालबुंद, अंगातून वाफ निघतेय,
आधी तू, नाही आधी तू, चाललंय त्यांचं.
पलीकडे काळोख,
काळोखात सुरूंची रांग असणार, दिसत नव्हती.

"आहे," ती म्हणाली.
"आज जरा डावीकडे कललाय."

आणि तारेच्या त्या टोकाला ओइव्हानं
'हूऽऽ' केलं, अगदी तस्सं,
पहिल्या पायरीवर
करायचा तसं.